धुराची गाडी, मच्छरदाणी की फवारणी? हिवतापावरच्या उपायांचं मोजमाप कसं करायचं

वैनगंगाकाठ (धागाकर्ता)

पावसाळा तोंडावर आला की गावोगाव, गल्लोगल्ली एकच मागणी सुरू होते: धूर मारा. लोकप्रतिनिधींकडे अर्ज जातात, सोसायटीच्या ग्रुपवर आठवणी होतात. मग एका संध्याकाळी गाडी येते, गल्ली पांढरी होते, पोरं मागे धावतात, आणि डासांचा बंदोबस्त झाला असं सगळे धरून चालतात. माझी नोकरी हिवताप विभागात, विदर्भाच्या पूर्व टोकाला झाली. निवृत्तीनंतरही हा विषय डोक्यातून जात नाही, म्हणून हा धागा. प्रश्न एकच आहे: डासांवरचा एखादा उपाय चांगला की वाया गेला, हे ठरवायचं कशावर?

माझं उत्तर आधीच सांगतो. त्या भागातले हिवतापाचे रुग्ण कमी झाले का, यावर. डास कमी वाटतात यावर नाही, आणि किती लिटर औषध संपलं यावर तर मुळीच नाही. आमच्या मासिक अहवालांत लिटर आणि घरांची संख्या ठळक असायची. रुग्णांचा आकडा वेगळ्या तक्त्यात. दोन्ही तक्ते शेजारी ठेवून वाचणारे अधिकारी फार थोडे भेटले, पण जे भेटले त्यांच्या तालुक्यात फरक दिसायचा.

थोडं शास्त्र. हिवतापाचा परजीवी रुग्णाच्या रक्तातून डासाच्या मादीच्या पोटात गेला की लगेच पुढच्या माणसात जात नाही. त्याला तिच्या अंगात वाढायला आपल्याकडच्या उबेत साधारण १० ते १२ दिवस लागतात. तेवढे दिवस ती जगली तरच ती धोक्याची. आता हिशेब करा. रोज १०० पैकी ९० माद्या जगत असतील, तर दहा दिवसांनी ३५ उरतात. रोज ८० जगत असतील तर ११. रोज ७० जगत असतील तर जेमतेम ३. याउलट डबक्यांतल्या निम्म्या अळ्या मारल्या, पण मोठ्या माद्या रोज १०० पैकी ९० याच हिशेबाने जगत राहिल्या, तर उरलेल्या ५० माद्यांपैकी दहा दिवसांनी १७-१८ शिल्लक राहतात. म्हणजे मोठ्या मादीचं आयुष्य थोडंसं घटवलं तरी रोगाचा प्रसार कितीतरी पटीने घटतो. जॉर्ज मॅकडोनाल्ड यांनी हे गणित १९५०च्या दशकात मांडलं. भिंतीवरची फवारणी आणि औषधी मच्छरदाणी का चालतात, ते यावरून लगेच कळतं. मादी दर दोन-तीन दिवसांनी रक्त पिते आणि पिऊन जड झाली की जवळच्या भिंतीवर टेकते. भिंतीवर औषध असेल तर प्रत्येक खेपेला तिच्या जिवाशी गाठ.

धुराचं तसं नाही. त्याचे थेंब हवेत काही मिनिटं तरंगतात. त्या वेळी उडत असलेल्या डासाला लागले तर लागले, मागे काही उरत नाही. आपल्याकडे हिवताप पसरवणाऱ्या ॲनाफिलीस माद्या बहुतेक रात्री, घरात चावतात. संध्याकाळी गाडी रस्त्यावरून जाते तेव्हा त्या घरात, गोठ्यात, अंधाऱ्या कोपऱ्यात बसलेल्या असतात. रस्त्यावर जे मरतात ते जास्त करून गटारातले क्युलेक्स. हिवतापासाठी धूरफवारणी वापरू नये, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या मार्गदर्शक सूचनांतही आहे, कारण त्याने रुग्ण कमी होतात याचा भरवशाचा पुरावा नाही.

आपल्या देशाने हा धडा मोठ्या किमतीला शिकला आहे. स्वातंत्र्याच्या सुमारास भारतात वर्षाला साडेसात कोटी लोकांना हिवताप व्हायचा आणि आठ लाख मरायचे, असा अंदाज होता. १९५३ मध्ये राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, घराघरात डीडीटी मारलं गेलं, १९५८ पासून निर्मूलनाचं ध्येय ठेवलं. १९६५ मध्ये रुग्ण एक लाखाच्या आसपास आले. मग हात सैल पडला. डीडीटीचा पुरवठा अडला, डास डीडीटीला दाद देईनात, शहरांकडे दुर्लक्ष झालं, घरोघरी जाऊन ताप शोधणारी माणसं कमी पडली. १९७६ मध्ये रुग्ण ६४ लाखांवर गेले. मुख्य म्हणजे लक्ष ठेवणं कमी पडत गेलं.

एक गोष्ट जवळून सांगतो. फवारणीचं पथक काम झाल्यावर घराच्या भिंतीवर स्टेन्सिल मारतं: तारीख, फेरी, एकूण खोल्या, फवारलेल्या खोल्या. गावात गेलो की मी अहवालाआधी ते आकडे वाचायचो. 'चारपैकी एक' असं दिसलं की ते घर फवारलंच नाही असं समजायचं. ती एक खोली बहुधा पडवी किंवा कोठीची असते. राहिलेल्या तीन म्हणजे देवघर, स्वयंपाकघर आणि माणसं झोपतात ती. अहवालात मात्र ते घर 'फवारलेलं' म्हणून मोजलं जातं. पुढे तिथे ताप निघाला की 'डीडीटी चालत नाही' अशी ओरड होते.

तुमच्या भागात काय चालतं, काय चालत नाही, ते लिहा. विशेषतः मोजून पाहिलेलं असेल तर.


तिसरा_मजला

काका, उत्तम धागा. आमचा प्रश्न शहरी आहे. मुंबईत राहतो. शेजारच्या जुन्या चाळीचा पुनर्विकास सुरू झाल्यापासून आमच्या इमारतीत दर पावसाळ्यात हिवतापाचे रुग्ण निघतायत. गेल्या वर्षी माझ्या मुलीला झाला, गोळ्या पूर्ण करूनही दोन महिन्यांनी पुन्हा ताप आला. कमिटीत प्रत्येक वेळी एकच ठराव होतो, 'आठवड्यातून दोनदा धूर मागवा'. मी विरोध केला तर 'मग तुम्ही काय करणार ते सांगा' म्हणतात. काय सांगू?


कडीपाट

तिसरा_मजला, मी बांधकाम क्षेत्रात आहे, त्यामुळे हे रोज बघतो.

मुंबईतला हिवतापाचा डास ॲनाफिलीस स्टीफेन्सी. त्याला गटार चालत नाही, स्वच्छ साठलेलं पाणी लागतं. गच्चीवरची टाकी, विहीर, बांधकामावर क्युरिंगसाठी (सिमेंट मुरायला) स्लॅबवर अडवलेलं पाणी, लिफ्टचा खड्डा, तळघरात उपसायचं राहिलेलं पाणी, मजुरांच्या झोपड्यांजवळची पिंपं. या जागा मोजता येतात आणि सापडतात. म्हणून अळ्या मारण्याचा उपाय शहरात चालतो. वैनगंगाकाठ यांच्या भागात भातखाचरं, ओढे, बैलाच्या खुराचे खड्डे, तिथे तो चालणं कठीण. जिथे जागा मोजक्या, ठरावीक आणि सापडण्याजोग्या आहेत तिथेच अळ्यांवर पैसा घालावा, असं जाणकार सांगतात ते याचसाठी.

मुंबईला हे शंभर वर्षांपूर्वीच माहीत होतं. १९११ मध्ये डॉ. बेंटली यांनी मुंबईच्या हिवतापावर अहवाल दिला, त्यात घरांतल्या विहिरींवर बोट ठेवलं होतं. विहिरी बुजवा किंवा डास शिरणार नाही अशा झाका, हा त्याचा गाभा. धार्मिक कारणांनी विरोध झाला, वाद झाले, तरी शहराने तो उपाय मोठ्या प्रमाणात अंमलात आणला. पुढे बांधकामं वाढली तसा डासाला नव्याने आसरा मिळाला. २०१० मध्ये मुंबईत ७० हजारांवर रुग्ण निघाले, तो काळ इथल्या बऱ्याच जणांना आठवत असेल.

तुमच्या कमिटीला हे सांगा. रविवारी सकाळी टॉर्च घेऊन गच्चीवर जा. टाकीचं झाकण घट्ट बसतं का, ओव्हरफ्लोच्या आणि हवेच्या पाइपाला जाळी आहे का, ते बघा. पाण्यात अळी दिसली तर ती कशी आहे तेही बघा. ॲनाफिलीसची अळी पाण्याच्या पृष्ठभागाला लागून आडवी तरंगते. डेंगीच्या आणि गटाराच्या डासांच्या अळ्या डोकं खाली करून तिरक्या लटकतात. हा फरक उघड्या डोळ्यांनी कळतो. आडवी अळी दिसली की फोटो काढून महापालिकेच्या कीटकनाशक विभागाकडे तक्रार द्या, शेजारच्या साइटचं नाव घालून. 'डास झालेत' या तक्रारीवर धूर येतो. 'अमुक टाकीत ॲनाफिलीसच्या अळ्या आहेत' या तक्रारीवर तपासणी आणि नोटीस येते.

आणि साइटवरच्या मजुरांची रक्ततपासणी झाली का ते विचारा. गोव्यात बांधकाम मजुरांना रक्त तपासून आरोग्यकार्ड घ्यावं लागतं. पणजी-कांदोळीकडे बांधकामं वाढली तसा हिवताप वाढला होता, त्यावरून आलेला हा नियम. मजुराला दोषी धरायचं नाही, त्याला वेळेवर औषध मिळावं यासाठी तो आहे. तो आजारी पडला तर त्याचा रोज बुडतो, आणि तपासणीचा पैसा कंत्राटदाराने द्यायला हवा.


सुमेधा_नि

तुमच्या मुलीला पुन्हा ताप आला त्याबद्दल. मी डॉक्टर आहे, म्हणून एवढंच लिहिते. व्हायवॅक्स जातीचा परजीवी यकृतात दबा धरून राहतो आणि काही आठवड्यांनी किंवा महिन्यांनी पुन्हा रक्तात येतो. त्यासाठी तीन दिवसांच्या क्लोरोक्विनसोबत प्रायमाक्विनही घ्यावं लागतं, ते १४ दिवस. जी-सिक्स-पीडी या विकराची कमतरता असेल तर ते धोक्याचं ठरतं, लहान मुलांना आणि गरोदर स्त्रियांना नियम वेगळे आहेत, म्हणून डॉक्टरांच्या देखरेखीखालीच. बरेच जण ताप उतरला की चौथ्या दिवशी गोळ्या सोडतात. मग पुन्हा आलेला ताप डासांच्या खात्यात जमा होतो आणि आणखी धूर मागवला जातो. मोजमापाच्या चर्चेत हे महत्त्वाचं आहे: व्हायवॅक्सचा प्रत्येक रुग्ण म्हणजे नवा डासदंश नव्हे.


तिसरा_मजला

कडीपाट, सुमेधाताई, मनापासून आभार. १४ दिवसांच्या गोळ्या आम्हाला लिहून दिल्याच नव्हत्या, आता फाइल काढून बघितली.


गोखरू

डीडीटीवर जगभर बंदी आहे ना? आणि आपण अजून आदिवासींच्या घरात मारतो? शहरात कुणी भिंतीला लावू देईल का?


वैनगंगाकाठ

गोखरू, प्रश्न रास्त आहे, सविस्तर उत्तर देतो.

शेतीत डीडीटीला बंदी आहे. २००१ चा स्टॉकहोम करार २००४ मध्ये लागू झाला, त्यात रोगवाहक कीटकांच्या नियंत्रणासाठी सवलत ठेवली आहे. भारत त्या सवलतीचा सर्वांत मोठा वापरकर्ता राहिला. आपल्याच रायगड जिल्ह्यात रसायनीला सरकारी कारखान्यात ते तयार व्हायचं. ते निसर्गात वर्षानुवर्षं टिकतं, चरबीत साठतं, हे खरं आहे. त्यामुळे शक्य तिथे ते सोडलंच पाहिजे, या मताचा मी आहे.

पण मला जास्त टोचतं ते वेगळं. मध्य भारतातल्या खेड्यांत हिवताप पसरवणारा मुख्य डास, ॲनाफिलीस क्युलिसिफेसीज, डीडीटीला बहुतेक ठिकाणी कधीच दाद देईनासा झाला आहे. मॅलॅथिऑन या दुसऱ्या कीटकनाशकालाही बऱ्याच जिल्ह्यांत, आणि काही ठिकाणी आता पायरेथ्रॉइड या तिसऱ्या गटातल्या औषधांनाही. जंगलपायथ्याच्या ओढ्यांतला फ्लुव्हियाटिलिस त्या मानाने अजून मरतो. म्हणजे एकाच तालुक्यात एका गावाला लागू पडणारं औषध दहा कोसांवर फुकट जाऊ शकतं. हे तपासायची रीत सोपी आहे: त्या भागातले डास पकडायचे, औषध लावलेल्या कागदाच्या नळीत तासभर ठेवायचे, २४ तासांनी किती मेले ते मोजायचं. त्यासाठी कीटक संकलक हवेत. ती पदं रिकामी राहतात आणि औषधाची खरेदी मात्र होते.

दक्षिण आफ्रिकेचं उदाहरण बघा. १९९६ मध्ये त्यांनी डीडीटी सोडून पायरेथ्रॉइड घेतलं. हेतू चांगला होता. पण पायरेथ्रॉइडला न जुमानणारा ॲनाफिलीस फ्युनेस्टस पुन्हा शिरला आणि २००० मध्ये रुग्ण ६० हजारांवर गेले. मग तिथल्या क्वाझुलू-नाताळ प्रांतात डीडीटी परत आणलं, त्याच सुमारास रुग्णांना आर्टेमिसिनिनची संयुक्त औषधं (हिवतापाच्या नव्या गोळ्या) सुरू केली, आणि रुग्ण झपाट्याने उतरले. यश कुणाचं, भिंतीवरच्या डीडीटीचं की गोळ्यांचं? दोन्ही जवळजवळ एकदम केल्यामुळे वाटणी करता येत नाही. डीडीटीचे समर्थक ही गोष्ट अर्धीच सांगतात.


रानभेंडी

मी गडचिरोलीतल्या धानोऱ्याच्या पलीकडच्या भागात आरोग्यसेविका आहे. मच्छरदाणीबद्दल लिहिते.

आमच्याकडे औषधी मच्छरदाण्या वाटल्या जातात, तीन वर्षं आणि वीस धुणी टिकतात असं सांगतात. वाटप झालं की काम झालं असं वरचे धरतात. मी रात्री घरात जाऊन बघते. उन्हाळ्यात मच्छरदाणीत जीव घुसमटतो म्हणून लोक अंगणात खाटेवर झोपतात, आणि मच्छरदाणी अंगणात बांधायला चार खुंट नसतात. धानाच्या दिवसांत बापे रानडुकरांपासून पीक राखायला शेतातल्या माचाणावर. तेंदूपत्त्याला सगळं कुटुंब जंगलात मुक्कामाला. घरात पाच माणसं आणि मच्छरदाण्या दोन असतील तर आत म्हातारी माणसं किंवा पाहुणे. शाळेत जाणारी पोरं बाहेर, आणि ताप जास्त त्यांनाच. नदीकाठच्या काही गावांत ती मासे धरायलाही वापरतात. त्याबद्दल लोकांना रागावतात, पण जुनी फाटलेली वापरतात की नवी, एवढं तरी बघावं.

धुण्याचंही तसंच. दगडावर आपटून, सोडा घालून, उन्हात वाळवली तर औषध लवकर जातं. साध्या साबणाने धुवून सावलीत वाळवायची, हे मी दारोदार सांगते. नवी मच्छरदाणी पाकिटातून काढून एक दिवस सावलीत टांगली तर चेहऱ्याला होणारी चुणचुण कमी होते. हे आधी सांगितलं नाही तर बाया पहिल्याच रात्री काढून ठेवतात, परत लावत नाहीत.

म्हणून माझं म्हणणं: किती वाटल्या हे विचारू नका. काल रात्री त्या घरातली किती पोरं आत झोपली, ते विचारा.


वैनगंगाकाठ

ताई, तुमचं हे शेवटचं वाक्य आमच्या प्रशिक्षणात फळ्यावर लिहायला हवं होतं.


किलीमांजारो

मी कामानिमित्त टांझानियात आहे, मूळचा साताऱ्याचा. मच्छरदाणीच्या मोजमापाचं एक चांगलं उदाहरण इथलंच आहे.

आफ्रिकेत हिवतापविरोधी कामाचा कणा मच्छरदाणीच. २००० ते २०१५ मध्ये सहाराखालच्या आफ्रिकेत जवळपास ६६ कोटी रुग्ण टळले आणि त्यांतले दोनतृतीयांश मच्छरदाण्यांमुळे, असा अंदाज २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. पण डास पायरेथ्रॉइडला सरावले, आणि जुन्या मच्छरदाण्या सगळ्या पायरेथ्रॉइडच्याच.

मग इथल्या मिसुंग्वी जिल्ह्यात चाचणी झाली. गावांचे ८४ गट केले आणि चिठ्ठ्या टाकल्यासारखे चार प्रकारच्या मच्छरदाण्यांत वाटले. एक साधी पायरेथ्रॉइडची, बाकी तिघींत पायरेथ्रॉइडसोबत आणखी एकेक रसायन. दोन वर्षं मुलांचा ताप आणि रक्त तपासत राहिले. क्लोरफेनापिर असलेल्या मच्छरदाणीच्या गावांत मुलांमधला हिवताप साध्या मच्छरदाणीच्या गावांपेक्षा ४४ टक्के कमी निघाला. बाकी दोघींचा फायदा दोन वर्षांच्या शेवटी खात्रीने दाखवता आला नाही. बेनिनमध्ये दुसरी चाचणी झाली, तिथेही क्लोरफेनापिरच पुढे. त्यानंतर २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने तिची जोरदार शिफारस केली.

दोन ठिकाणी, दोन वर्षं, आणि मोजलं काय तर मुलांचा ताप. नुसते मेलेले डास मोजून असा निकाल देता आला नसता.

अवांतर: मुंबईचा स्टीफेन्सी आता आफ्रिकेत आलाय. २०१२ मध्ये जिबूतीत सापडला, मग इथिओपिया, सुदान. जिबूतीत त्या वर्षी २७ रुग्ण होते, २०२० मध्ये ७३ हजार. टाक्यांत, पिंपांत वाढणारा डास इथल्या शहरांना नवीन आहे. त्याच्याशी कसं लढायचं हे आपल्या शहरांना आफ्रिकेपेक्षा जास्त ठाऊक आहे, आणि हे ज्ञान आपण नीट लिहून काढायला हवं असं मला फार वाटतं.


शेवंती७

गप्पी माशांबद्दल कुणीच बोललं नाही. आमच्या गावात हौदांत, जुन्या विहिरीत ग्रामपंचायत दरवर्षी सोडते. विहिरीत अळ्या दिसत नाहीत. औषध नाही, खर्च नाही.


किलीमांजारो

विहिरीत अळ्या दिसत नाहीत हे खरं असणार, मासे त्या खातातच. पण माशांमुळे माणसांचा हिवताप कमी झाला का, हे नीट तपासणारे भरवशाचे अभ्यास सापडले नाहीत, असा सगळे अभ्यास एकत्र तपासणाऱ्यांचा निष्कर्ष आहे.


शेवंती७

मला हे पटत नाही. अभ्यास झाला नाही म्हणजे उपाय चालत नाही असं होत नाही. विहीर हाच एक अड्डा असेल आणि तिथे अळ्या नसतील, तर डास येणार कुठून?


कडीपाट

बंदिस्त पाण्यापुरतं शेवंतीताईंशी सहमत. टाक्या, विहिरी, कारंजी अशा ठिकाणी शहरात मी स्वतः माशांची शिफारस करतो. फक्त ओढ्यात, तळ्यात, भातखाचरात सोडू नका. गप्पी आणि गांबुसिया दोन्ही परदेशी. गांबुसिया १९२८ मध्ये इटलीहून आणला गेला. तो आपल्या माशांची अंडी आणि पिल्लंही खातो. अळ्या खाणारे देशी मासे आहेत, गोव्यात कांदोळीला पिकू माशासोबत बीटीआय हे जिवाणूंचं अळीनाशक वापरून स्टीफेन्सीवर प्रयोग झाले आहेत. आणि विहीर हाच एकमेव अड्डा आहे का, हे आधी गावभर फिरून बघावं लागतं.


आरसा_पाटी

सगळं वाचलं. मी सरपंच आहे. ८४ गटांची चाचणी आम्ही करू शकत नाही. ग्रामपंचायतीने मोजायचं काय आणि कसं, ते साध्या भाषेत सांगा. निधी तुटपुंजा असतो, आणि धुराचं यंत्र घ्या असा आग्रह दर महिन्याला होतो.


वैनगंगाकाठ

सरपंचसाहेब, तुमच्यासारख्यांसाठीच धागा काढला.

उपकेंद्रात दोन आकडे मिळतात. एक, वर्षाला हजार लोकसंख्येमागे हिवतापाचे रुग्ण किती. दुसरा, वर्षभरात शंभरातल्या किती जणांचं रक्त तपासलं. दोन्ही एकत्र मागा. पहिला आकडा एकटा फसवतो. समजा रुग्ण निम्म्यावर आले आणि तपासण्याही निम्म्यावर आल्या, तर हिवताप कमी झाला नाही, शोधणं कमी झालं. लोकसंख्येच्या किमान १० टक्के लोकांचं रक्त तरी वर्षाला तपासलं जावं असा दंडक आहे. तुमच्याकडे ते सहा टक्के असेल, तर धुराच्या यंत्राचा विचार सोडा आणि आधी आशाताईंकडे तपासणीच्या किट आहेत का ते बघा.

मग महिन्यावार रुग्ण लिहा आणि शेजारच्या, उपाय न झालेल्या गावांचे आकडे बाजूला लिहा. ज्या वर्षी पाऊस कमी, त्या वर्षी हिवताप सगळीकडेच कमी होऊ शकतो. तुमच्या गावात घटला आणि शेजारी घटला नाही, तर काही म्हणता येईल. एकाच वर्षात निकाल काढू नका. आणि गावातला रुग्ण गावातच आजारी पडला की बाहेरून, कामावरून, ताप घेऊन आला, हे प्रत्येकाला विचारा. तेंदूपत्त्याच्या मुक्कामात लागलेल्या तापावर गावात फवारणी करून उपयोग नाही. तिथे मुक्कामालाच मच्छरदाणी आणि तपासणी पाठवावी लागते.

ओडिशाने हे मोठ्या प्रमाणावर केलं. दुर्गम भागात 'दमन' नावाचा कार्यक्रम काढला: शिबिरं घेऊन ताप नसलेल्यांचंही रक्त तपासायचं, सापडले की औषध, आणि जोडीला मच्छरदाणी व फवारणी. २०१७ मध्ये राज्यात रुग्ण साडेतीन लाखांच्या घरात होते, पुढच्या वर्षी ६६ हजारांच्या आसपास. त्याच सुमारास कोटीहून जास्त मच्छरदाण्याही वाटल्या होत्या. इथेही श्रेयाची वाटणी कठीण, पण एक गोष्ट पक्की: लक्षण नसलेल्या माणसांच्या रक्तात परजीवी असतो, डास तिथूनच तो उचलतो, आणि त्यांना शोधल्याशिवाय नुसत्या डासांच्या मागे लागून भागत नाही.


गोखरू

मग धूर पूर्ण बंदच करायचा का? डेंगीचं काय? आमच्याकडे गेल्या वर्षी डेंगीचे रुग्ण निघाले तेव्हा धूर मारल्यावर लोक निर्धास्त झाले.


सुमेधा_नि

डेंगीचा डास दिवसा चावतो आणि घरात लपतो. रुग्णाच्या घरात आणि आसपासच्या घरांत आतून औषध मारण्याची तरतूद साथीच्या वेळी आहे. रस्त्यावरून जाणाऱ्या गाडीला मी त्यात धरत नाही. लोक निर्धास्त झाले हीच मला काळजीची बाब वाटते, कारण आठवड्यातून एकदा पाण्याची भांडी रिकामी करायचा कोरडा दिवस पाळायचं तेव्हाच थांबतं.


आरसा_पाटी

सुमेधाताई, पण लोकांना काहीच केलं नाही असं वाटू देणं पंचायतीला परवडत नाही. साथ असताना धूर नाकारला तर उद्या फवारणीच्या पथकालाही दार उघडणार नाहीत. यावर माझा निर्णय अजून होत नाही.


सुमेधा_नि

तुमची अडचण खरी आहे. साथीत धूर मारावाच लागला तर त्याच दिवशी त्याच गल्लीत आशाताईंना घरात पाठवा, पिंपं रिकामी करायला आणि रक्त घ्यायला. मी तरीही यंत्राची खरेदी करणार नाही, ते पैसे तपासणीला देईन.


जिरेमीठ

पुण्यात हिवतापाची लस बनते ना? ती आपल्याकडे का देत नाहीत?


सुमेधा_नि

आर-२१ लस पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटमध्ये बनते, २०२३ मध्ये तिची शिफारस झाली. ती फाल्सिपॅरम या हिवतापाच्या दुसऱ्या जातीच्या परजीवीवर आहे आणि आफ्रिकेसारख्या, जिथे लहान मुलं वारंवार आजारी पडतात अशा भागांसाठी. व्हायवॅक्सवर तिचा उपयोग नाही, आणि आपल्याकडे व्हायवॅक्स भरपूर आहे.


रानभेंडी

सरपंचसाहेब, एक विनंती, ही पंचायतीच्या हातात आहे आणि तिला पैसा लागत नाही. फवारणीची दुसरी फेरी साधारण ऑगस्टात येते आणि औषध भिंतीवर दहा-बारा आठवडे टिकतं. पण दसरा-दिवाळीच्या आधी बाया भिंती सारवतात, लिंपतात, आणि औषध मातीखाली जातं. तापाचे दिवस तेव्हा संपलेले नसतात. पथकाची तारीख आठवडाभर आधी दवंडीने कळवा, म्हणजे लोक सारवण आधी उरकून घेतील आणि त्या दिवशी सामान अंगणात काढून झोपायची खोली मोकळी ठेवतील. आमच्या एका गावात ग्रामसभेत तसं ठरवलं. तिथे पथकाला आता झोपायच्या खोल्याही फवारायला मिळतात.


आरसा_पाटी

ताई, आमची ग्रामसभा येत्या पंधरवड्यात आहे. तारखेचा आणि रक्ततपासणीच्या आकड्यांचा विषय पत्रिकेवर घेतो. उपकेंद्रातून मागच्या तीन वर्षांचे महिन्यावार आकडे मिळाले की इथेच टाकीन, वैनगंगाकाठ यांनी ते बघावेत.


वैनगंगाकाठ

जरूर टाका. शेजारच्या दोन गावांचेही सोबत आणा. आणि कुठल्या महिन्यात किट संपल्या होत्या, ते आशाताईंना विचारून बाजूला लिहा.